आधी अपील

दुकानदार : हाकलून दिलं मला न्यायाधीशांनी! पंख्याखाली नीट बसलोही नव्हतो.

वकीलबाई : हाकललं नाही. "अपील केलंत का?" एवढंच विचारलं. तुम्हीच मागून ओरडलात, "साहेब, त्यात काही दम नसतो."

दुकानदार : मग खोटं का? ज्या खात्यानं माझ्या औषधाच्या दुकानाचा परवाना निलंबित केला, त्याच खात्याच्या वरच्या साहेबाकडे रडायचं. पोराची तक्रार त्याच्या आईकडे!

वकीलबाई : कायद्यानं अपील दिलंय ना, मग ते आधी. तिथे नाही जमलं तरच कोर्ट. घसा सुकला माझा सांगून. तुम्हाला थेट वरच घुसायचं होतं.

दुकानदार : बरं, ठोका अपील. लिहा, अधिकारी उद्धट होता. मिशीही भिकार होती.

वकीलबाई : मिशीवर अपील होत नाही. तपासणीला आले तेव्हा फार्मासिस्ट दुकानात नव्हती आणि तुम्ही औषधं विकत होतात, हा आरोप आहे. कुठे होती ती?

दुकानदार : चहाला गेली होती.

वकीलबाई : आणि दुसऱ्यांदा आले तेव्हा?

दुकानदार : चहाची फार आवड आहे हो तिला.

वकीलबाई : अहो, फार्मासिस्ट म्हणजे तुमची बायको! बहिणीकडे निघून गेलीय, हे अख्ख्या गल्लीला ठाऊक आहे. का गेली?

दुकानदार : काही नाही हो. गिऱ्हाइकांसमोर म्हणालो, तुझी पदवी भिंतीवर टांगायला, दुकान चालतं माझ्या डोक्यावर. तर बाईसाहेब स्टुलावर चढल्या, पदवीची फ्रेम काढली, काखेत मारली नि चालू लागल्या. खिळा तेवढा ठेवलाय.

वकीलबाई : तिच्या प्रतिज्ञापत्राशिवाय अपील लंगडं आहे. लावा फोन.

दुकानदार : तुम्हीच लावा ना. फी घेता की.

वकीलबाई : ती अपिलाची. लावा!

(फोन टेबलावर, स्पीकर चालू.)

बायको : बोला. काय सापडत नाहीये?

दुकानदार : अगं, ते परवान्याचं... कोर्टानं परत पाठवलं.

बायको : माझ्याशी एक शब्द न बोलता कोर्टात गेलात?

वकीलबाई : मी त्यांची वकील बोलतेय. तुमची सही लागेल.

बायको : मी चहाला गेले होते असं सांगत फिरतात, कानावर आलंय माझ्या. ते लिहिणार असाल तर नाही करणार. खरं लिहा. चारचौघांत अपमान झाला म्हणून मी गेले. माझ्यामागे दुकान बंद ठेवायला हवं होतं, ठेवलं नाही, ही चूक. आता फार्मासिस्ट परत यायला तयार आहे, पण भागीदार म्हणून.

दुकानदार : भागीदार? घरातल्या घरात?

वकीलबाई : गप्प बसा, मुद्दा भक्कम आहे.

दुकानदार : ...लिहा मग. आणि मी चुकलो, हेही लिहा.

बायको : ते लिहू नका. तोंडानं म्हणा.

दुकानदार : वकीलबाईंसमोर?

बायको : तेव्हा समोर कोण कोण होतं, आठवतंय ना?

दुकानदार : चुकलो. बास?

बायको : बास. दुकान बंद, मग दिवसभर असता कुठे?

दुकानदार : दुकानातच. शटर ओढून आत बसतो.

बायको : अंधारात?

दुकानदार : उजेड दिसला की लोक औषध मागायला येतात गं. नाही म्हणवत नाही.

बायको : ...उद्या मीही येते बसायला.