हिरवळीवरच्या चादरी

सन्माननीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरील मान्यवर, रुग्णालयातील माझे सहकारी आणि आज खुर्चीत अवघडून बसलेले आमचे माळीकाका,

मी धुलाई विभागाची प्रमुख. दोन गोड शब्द बोला, असं मला सांगितलंय. ते आज जमणार नाही.

आत्ता वाचलेल्या मानपत्रात काकांना ‘कर्तव्यदक्ष’ म्हटलंय. मग त्यांच्या सेवापुस्तकात ‘निष्काळजी’ हा शेरा कोणी मारला?

तीन हिवाळ्यांपूर्वी काकांनी मुलांच्या वॉर्डासमोर हिरवळ पेरली. कोंब जेमतेम बोटभर. दव गोठायला लागलं तसे ते माझ्याकडे आले. म्हणाले, “ताई, फाटक्या चादरी द्या. कोवळं गवत आहे, एका रात्रीत जळून जाईल.” दुपारी ते माती ओली करायचे, कारण ओली माती ऊब धरते. संध्याकाळी काठ्या रोवून चादरी पसरायचे, ऊन आलं की काढायचे. बावीस दिवस! गुलाबांनासुद्धा गोणपाट गुंडाळलं होतं.

मग पाहुणे यायचे ठरले. अध्यक्ष महोदय, तेव्हा आपण अधीक्षक होता. आदल्या संध्याकाळी आपण म्हणालात, “हा काय धोबीघाट मांडलाय? काढा सगळं.” फक्त सकाळपर्यंत राहू द्या, म्हणून काकांनी हात जोडले. आपण ऐकलं नाहीत. सकाळी गवत पांढरं, कडक. गोठलेल्या पात्यावर पाय पडला की ते मोडतं, म्हणून काका भोवती दोरी बांधत होते. आपण ती सोडायला लावलीत आणि फोटोसाठी पाहुण्यांना त्यावरच उभं केलंत. दुपारपर्यंत बुटांचे ठसे काळे पडले. आठवड्याभरात पत्र आलं, काकांच्या निष्काळजीपणामुळे हिरवळ नष्ट झाली म्हणून. त्यांची बढती त्यातच गेली.

काका, बसा खाली. आज मला अडवू नका.

मी तिथेच चादरी गोळा करत होते. सगळं पाहिलं आणि तोंड शिवून बसले. त्याची चीड मला अजून जाळते. काकांनी मात्र थंडी सरताच पुन्हा बी टाकलं. आज त्या गवतावर मुलं लोळतात.

शेरा रद्द करावा, असा अर्ज मी लिहून आणलाय. खाली आमच्या विभागातल्या अकराजणींच्या सह्या आहेत. अध्यक्ष महोदय, त्याखाली एक जागा आपल्यासाठी ठेवली आहे.

आपण सर्वांनी शांतपणे ऐकलंत, मी आभारी आहे. बोलण्याच्या भरात कुणाचा मान राखायचा राहिला असेल, तर पदरात घ्यावं. पेन माझ्याकडे आहे. सही होईपर्यंत मी इथेच उभी आहे.