सत्तावीस नंबरचा डावा पाय

न्यान : काका, नोंदवहीत पाचव्या दिवसापासून कालपर्यंत रोज एकच ओळ आहे. ‘सत्तावीस नंबर, चाल ठीक.’ टोचल्याला आज अकरावा दिवस. मी शहरातून येऊन बघते, तर ती मागचा डावा पाय टेकवत नाहीये.

थोआय : मग आज तसं लिहा, बाई.

न्यान : लिहिलं की काय होतं, ते तुम्हाला सांगायला हवं का? लस मणक्यात टोचलेली माकडीण लंगडली, म्हणजे लसीतला पोलिओचा विषाणू नीट नरमला नाही असा संशय. हनोईला कळवायचं आणि अख्खी खेप टाकून द्यायची.

थोआय : किती पोरांची होती?

न्यान : तीन लाख. पावसाआधी डोंगरातल्या जिल्ह्यांत पोचवायची होती. या महिन्यात तिकडं चार मुलांचे पाय गेलेत.

थोआय : चहा ठेवू?

न्यान : चहा नको. एकोणीस माकडं ठणठणीत आणि ही एकटीच लंगडी, हे मला पटत नाही. बावीस वर्षं तुम्ही या बेटावर माकडं सांभाळताय. तुमच्या नजरेतून हे सुटलं?

थोआय : सुटलं नाही. पाचव्या दिवसापासून लंगडतेय ती. मीच लिहिलं नाही.

न्यान : का?

थोआय : चौथ्या दिवशी तुम्ही शहरात गेलात. दुपारी बाकीचे जेवायला बसले, तेव्हा मी तिला बाहेर काढली. आई मेली होती तिची, चमच्यानं पेज पाजून वाढवलीय मी तिला. म्हटलं, राहिलेत किती दिवस, घटकाभर ऊन खाऊ दे. तर चढली फणसावर. फांदी निसरडी. पडली.

न्यान : आणि आठवडाभर पोटात ठेवलंत.

थोआय : ठेवलं. नोकरीची भीती म्हणा, लाज म्हणा. वाटलं, भरून येईल पाय.

न्यान : की तिला वाचवायचं होतं?

थोआय : छे. टोचलेलं माकड परत बेटावर मोकळं सोडत नाहीत, हे तुम्ही शाळेत होता तेव्हापासून ठाऊक आहे मला.

न्यान : मग आज तरी का सांगितलंत? गप्प राहिला असतात तर कुणाला कळलं नसतं.

थोआय : होडीच्या धक्क्यावर फोच्या शेवया खाता ना तुम्ही? त्या वाढणारी थाम, माझी धाकटी बहीण. बसूनच वाढते, ते आळशी म्हणून नव्हे. चार वर्षांची होती, रात्रभर ताप. सकाळी आईनं उठवली, तर पायच उचलेना. आमच्या गावात तेव्हा लस कुणी ऐकलीही नव्हती.

न्यान : मला हे सगळं लिहावं लागेल, काका. तुमच्या नावानिशी. आणि तुम्ही म्हणता म्हणून कुणी मानणारही नाही. पायाचा फोटो काढू. शेवटी बाविसाव्या दिवशी तिला कायमचं झोपवू, तेव्हा तिचा मज्जारज्जू काय सांगेल तेच खरं.

थोआय : लिहा. फक्त त्या दिवशी मला तिच्याजवळ राहू द्या.

(सहा आठवड्यांनी. थोआयकडच्या पिंजऱ्याच्या किल्ल्या काढून घेतल्या आहेत. तो आवारात माकडांसाठी केळीचे घड उतरवतो आहे.)

न्यान : निकाल आला, काका. हाड पडूनच मोडलेलं. मज्जारज्जूत लसीचा परिणाम नियमात चालतो तेवढाच सापडला. खेप आज सकाळी वर डोंगरात रवाना झाली.

थोआय : चला. सुटलो.

न्यान : तुमच्या किल्ल्यांचं मी साहेबांकडे बोलले. नाही म्हणाले.

थोआय : त्यांचं बरोबर आहे. मी असतो तर मीही दिल्या नसत्या.

न्यान : त्या दिवसाबद्दल तुम्ही एक शब्द बोलला नाहीत.

थोआय : काय बोलायचं? तुमच्या हातात सुई दिसली, तसा तिनं आपणहून हात पुढं केला. लहानपणी मीच शिकवलं होतं तिला. हात पुढं केला की कमी दुखतं म्हणून.