पूर्ण एक मिनिट

बाळंतीण : पट्टा सोडा आणि घड्याळ चादरीवर ठेवा, सिस्टर. रोजच्यासारखं. ते तुमच्या मनगटावर असलं की मला सेकंदकाटा दिसत नाही.

सिस्टर : आज तरी राहू द्या, ताई. दुपारी तुम्ही घरी जाणार. ही शेवटची तपासणी.

बाळंतीण : म्हणूनच.

सिस्टर : बाळाचा ताप पाहिला, नाही. ओठांचा, नखांचा रंग पाहिला. ठोके जरासे वाढलेत, पण ते आत्ताच रडून थांबलंय. राहिले फक्त श्वास. या वॉर्डात सतरा बाळं आहेत आणि बारा वाजायच्या आत मला सगळ्यांचे तक्ते भरायचे आहेत.

बाळंतीण : मग उशीर तुम्हीच करताय. एका मिनिटाला एक मिनिटच लागतं.

सिस्टर : तुमच्यापायी माझं नाव काय पडलंय, ऐकलंत? आया मला 'मिनिटबाई' म्हणतात. काल मुख्य सिस्टरनीही विचारलं, तुझं त्या बाईशी काही नातं आहे का, दर वेळी तिच्याच पलंगाशी एवढी रमतेस ती.

बाळंतीण : काय सांगितलंत?

सिस्टर : नाही म्हणाले.

बाळंतीण : आहे. नातं आहे.

सिस्टर : तीन दिवस मी हेच ऐकतेय. 'त्या वेळी', 'मागच्या खेपेला', 'तुम्हाला कशाला आठवेल'. माझं काही चुकलं असेल तर सरळ तोंडावर सांगा. हे असं टाचणीनं टोचत राहणं बरं नाही.

बाळंतीण : मी काय काम करते, हे तुम्ही एकदाही विचारलं नाहीत.

सिस्टर : काय करता?

बाळंतीण : बाटल्यांच्या कारखान्यात आहे. सरकत्या पट्ट्यावरून बाटल्या येतात, त्यांच्या मागे पांढरा दिवा असतो. तडा दिसला की उचलायची. आठ तास तेच. तडकलेल्या किती निघाल्या याचा आकडा मुकादम दर तासाला फळ्यावर लिहितो. तासभर उभं राहणं त्याच्या जिवावर येतं. तो पाव तास मोजतो आणि चौपट करतो. त्यामुळे आमच्या फळ्यावर एकवीस कधी नसतात, तेवीस नसतात. वीस, चोवीस, अठ्ठावीस. आम्ही हसतो. म्हणतो, काय शिस्त आहे बाटल्यांना, फुटतानासुद्धा चौघी चौघी मिळून फुटतात.

सिस्टर : आणि हे तुम्ही मला का सांगताय?

बाळंतीण : उशीखाली एक कागद आहे. काढा. झेरॉक्स आहे, फाटला तरी हरकत नाही, माझ्याकडे पुष्कळ आहेत. मोठ्यानं वाचा. तिसरी ओळ.

सिस्टर : 'श्वास, दर मिनिटास.' चव्वेचाळीस. अठ्ठेचाळीस. चव्वेचाळीस. चाळीस. अठ्ठेचाळीस. चव्वेचाळीस... ताई, हे चांगले आकडे आहेत. चाळीस ते साठ, नव्या बाळाचे श्वास एवढेच असतात. साठाच्या वर गेले तर काळजी.

बाळंतीण : अकरा चोक चव्वेचाळीस. बारा चोक अठ्ठेचाळीस. दहा चोक चाळीस. दोन दिवस, बारा रकाने, आणि एकाही आकड्यानं चाराच्या पाढ्याबाहेर पाऊल टाकलेलं नाही. शेवटच्या रकान्याखाली सही कुणाची आहे?

सिस्टर : माझी.

बाळंतीण : त्या चव्वेचाळीसनंतर दोन तासांनी माझं पहिलं बाळ निळं पडलं. धावाधाव करून उचलून नेलं. संध्याकाळी परत दिलं ते गुंडाळून. चौदा महिने झाले. तो खिडकीकडचा पलंग माझा होता. या खेपेला तोच मागत होते, मिळाला नाही.

सिस्टर : तुम्ही मुद्दाम इथं आलात. माझ्या वॉर्डात.

बाळंतीण : घराजवळ दुसरं मोठं हॉस्पिटल आहे. सगळे म्हणाले, तिथं जा. मी चौकशी केली, ती नाकाशी तीळ असलेली सिस्टर अजून त्या जुन्याच वॉर्डात आहे का? आहे म्हणाले. मग आले.

सिस्टर : पंधरा सेकंद मोजून चारनं गुणणं ही काही माझी एकटीची रीत नाही. सगळ्याच...

बाळंतीण : ते ठाऊक आहे. तुम्ही फक्त कारण सांगा. नव्या बाळाचे श्वास पूर्ण मिनिटभर का मोजायचे? शिकताना तुम्हाला सांगितलं असेलच.

सिस्टर : सांगितलं होतं.

बाळंतीण : मलाही सांगा. सावकाश.

सिस्टर : नवं बाळ एका लयीत श्वास घेत नाही. थोडं भरभर घेतं, मग विसरल्यासारखं चार-पाच सेकंद थांबतं, पुन्हा घेतं. पंधरा सेकंदांत एक तर त्याची धाव सापडते, नाही तर नुसता विसावा. खरं काय चाललंय ते मिनिटभर पाहिल्याशिवाय कळत नाही.

बाळंतीण : किती सुंदर सांगता. कविता वाचल्यासारखं. हे सगळं ठाऊक असून तुम्ही पंधरा सेकंदांत उठलात.

सिस्टर : त्या दिवशी किती बाळं होती, मी एकटी होते की दोघी, ते आता...

बाळंतीण : तो कसा होता, ते सांगा.

सिस्टर : मला तो आठवत नाही, ताई. आठवतो म्हणाले असते, पण तुम्हाला खोटं लगेच कळलं असतं.

बाळंतीण : डाव्या कानाची पाळी दुमडलेली होती. पुस्तक वाचता वाचता खुणेसाठी पानाचा कोपरा दुमडावा, तशी. तुम्हीच ते दाखवून हसला होतात. म्हणालात, कुणीतरी याला अर्ध्यात वाचून ठेवलंय.

सिस्टर : मी म्हणाले?

बाळंतीण : मला तुमचं वाक्य न् वाक्य पाठ आहे. तो कण्हत होता. प्रत्येक श्वास सोडताना, बारीक, दार कुरकुरावं तसा. मी तुम्हाला तीनदा हाक मारली. तिसऱ्यांदा तुम्ही म्हणालात, पहिलटकरणीला सगळंच ऐकू येतं.

सिस्टर : आणि चौथ्यांदा? चौथ्यांदा का नाही मारलीत? रात्रंदिवस तो तुमच्या कुशीत होता. मी दिवसातून तीन वेळा येणारी बाई. कान तुम्हालाही होते.

बाळंतीण : या प्रश्नाची मी वाट पाहत होते. चौदा महिने रोज मीच स्वतःला विचारत आलेय. तुमच्या तोंडून ऐकायचं राहिलं होतं.

सिस्टर : माफ करा. मी तसं बोलायला नको होतं.

बाळंतीण : असू द्या. दोघींनी वाटून घेऊ.

सिस्टर : तुम्हाला तक्रार करायची असेल तर करा. खरंच करा. तीन दिवस मला झोप नाही. माझी मुलगी नऊ वर्षांची आहे. ती झोपली की मी तिच्या उशाशी बसून मोजते. काल ती जागी झाली आणि म्हणाली, आई, तू अशी बघत बसलीस की मला श्वास घ्यायला भीती वाटते.

बाळंतीण : बरं झालं.

सिस्टर : असं कसं म्हणवतं तुम्हाला?

बाळंतीण : सहज. अर्ज लिहून तयार आहे, याच उशीखाली. पण देणार नाही. दिला तर चौकशी होईल, कुणीतरी शिक्षा देईल, ती भोगून तुम्ही मोकळ्या व्हाल. मला तुम्ही मोकळ्या व्हायला नको आहात. इथंच राहा. दर बाळाशी एक मिनिट बसा आणि दर मिनिटाला तो कान आठवा. आता मोजा.

सिस्टर : काटा बारावर येऊ द्या.

बाळंतीण : हात लावू नका. दुपटं बाजूला करा आणि नुसतं पोट बघा.

सिस्टर : ते मला ठाऊक आहे.

बाळंतीण : ठाऊक तर त्या वेळीही होतं.

(पूर्ण एक मिनिट. वॉर्डात कुठंतरी एक बाळ रडत राहतं. हे रडत नाही.)

सिस्टर : तुम्हाला किती आले?

बाळंतीण : मी मोजले नाहीत.

सिस्टर : चादरीवर तुमचं बोट हलत होतं. रोज हलतं.

बाळंतीण : तुम्हाला किती आले, ते सांगा.

सिस्टर : सदुसष्ट.

बाळंतीण : आत्ताच रडलंय. तुम्हीच म्हणालात.

सिस्टर : ते थांबून खूप वेळ झाला. इकडे बघा, बरगड्यांच्या खाली प्रत्येक श्वासाला खळी पडतेय. नाकपुड्या फुलतायत. काल हे नव्हतं, सकाळी आठलाही नव्हतं, तेव्हा त्रेपन्न होते. आयाबाई, डॉक्टरांना जाऊन सांगा, सहा नंबरचं बाळ, श्वास सदुसष्ट. जेवायला बसले असतील तर उठवून आणा. म्हणावं, मिनिटबाईनं मोजलेत.

सासूबाई : अगं, झालं का तुझं? खाली गाडी येऊन उभी आहे आणि तो ड्रायव्हर तोंड वाकडं करून बसलाय. पिशव्या मी नेल्यासुद्धा. बाई, कागद हातात द्या, म्हणजे आम्ही सुटलो.

सिस्टर : जरा थांबावं लागेल, आजी. डॉक्टर बघतील.

सासूबाई : आता आणखी काय बघायचंय? चांगलं गरगरीत तर आहे. ही रात्रंदिवस वही घेऊन मोजत बसते, तिच्या नादानं तुम्हीही बिघडलात. मोजल्यानं माणूस राहतं होय? पहिल्यालाही सगळ्यांनी मिळून मोजलंच होतं की.

बाळंतीण : आई, तुम्ही दाराशी थांबा. आलेच मी. सिस्टर, इकडे या. जवळ या. छप्पन्न लिहा.

सिस्टर : काय?

बाळंतीण : डॉक्टर यायच्या आत लिहा. आया घाईत चुकीचं बोलली म्हणून सांगू. मी घरी नेते. छातीशी धरून बसते, उबेला आलं की उतरेल. इथं एकदा त्यांनी उचललं की नेतात. त्या काचेच्या दारापलीकडे. मागं येऊ देत नाहीत.

सिस्टर : ताई, आत्ता नेलं तर ते...

बाळंतीण : मी तुमच्या पाया पडते. तो अर्ज आत्ता फाडते, सगळ्या झेरॉक्ससकट. पुन्हा कधी तुमच्यासमोर येणार नाही. झोपाल तुम्ही. तुमची मुलगी झोपेल. दोनच आकडे आहेत. छप्पन्न.

सिस्टर : चौदा चोक छप्पन्न.

बाळंतीण : असं नका करू.

सिस्टर : घड्याळ आता मी धरते. तुम्ही मोजा. मोठ्यानं. माझा आकडा चुकला असेल तर तुमचा लिहीन.

बाळंतीण : माझ्यानं नाही होणार.

सिस्टर : होईल. पट्ट्यावरच्या बाटल्या मोजता, हे तर तुमचंच आहे. काटा बारावर आला. चला.

बाळंतीण : एक. दोन. तीन. चार. पाच...

सासूबाई : अगं, त्या गाडीवाल्याला मी काय सांगू?

बाळंतीण : ...एकोणतीस. तीस. एकतीस...

सिस्टर : डोळे मिटू नका. पोटाकडे बघा.

बाळंतीण : ...सत्तावन्न. अठ्ठावन्न. एकोणसाठ. साठ. साठ झाले, सिस्टर.

सिस्टर : अजून आठ सेकंद आहेत, ताई. मोजा.