नासपती कापायची नाही

(परदेशातल्या बॉथेल शहरातलं एक अपार्टमेंट. २००४ चा ऑक्टोबर, दुपार. दाराशी भरलेल्या दोन बॅगा. टेबलावर एक गोल, पिवळी नासपती.)

आई : सुरी ठेव खाली, गुरू. ती कापायची नाही.

गुरुदत्त : अगं, उद्या फ्लाइट आहे तुझी. फळ बॅगेत नेता येत नाही. अर्धी तू खा, अर्धी मी खातो, विषय संपला.

आई : अर्धी-अर्धी तर नाहीच. लिनबाईंनी बजावलंय.

गुरुदत्त : खालच्या मजल्यावरच्या चायनीज आजी? तुला त्यांची भाषा येत नाही, त्यांना तुझी येत नाही.

आई : सहा महिने एका बाकावर बसलोय आम्ही. त्याही माझ्यासारख्या थर्मासातलं गरम पाणी पितात, तेवढं पुरलं. परवा त्यांनी अशीच एक दिली. मी म्हटलं दोघी मिळून खाऊ, कापायला घेतली, तर फटकन हातावर मारलं बाईंनी. मग त्यांच्या सुनेनं माझ्या सुनेला, शुभाला, इंग्रजीत सांगितलं. त्यांच्यात नासपतीला 'ली' म्हणतात आणि ताटातुटीलाही 'ली'च. जिवाभावाच्या माणसांनी एक नासपती वाटून खाल्ली, की ती दुरावतात.

गुरुदत्त : आई, तीस वर्षं शाळेत सायन्स शिकवलंस तू.

आई : शिकवलं. आणि तिन्हीसांजेला नखं कापलीस म्हणून तुला धपाटेही घातले.

गुरुदत्त : बरं, मग अख्खी तू खा. रसाळ असते, घशाला लागणार नाही.

आई : घशातल्या गाठीचं तू नको सांगूस. तिचं काय ते मिरजेचे डॉक्टर बघतील. पुढच्या शुक्रवारी ऑपरेशन. तू गुरुवारी पोचतोयस ना?

गुरुदत्त : हो. सांगितलंय ना.

आई : तिकीट?

गुरुदत्त : बुक केलंय.

आई : मग तर मुळीच कापायची नाही. आठवड्यात भेटणार असू तर उगाच कशाला विषाची परीक्षा.

गुरुदत्त : (खिडकीकडे वळून डोळे चोळतो.)

आई : का रे, डोळे का चोळतोस?

गुरुदत्त : काही नाही. ऊन येतंय डोळ्यांवर.

आई : पंधरा दिवसांत सूर्य दिसलेला नाही इथे.

गुरुदत्त : आई, तिकीट नाहीये.

आई : हं.

गुरुदत्त : ग्रीन कार्डची फाइल अडकलीय. ट्रॅव्हल परमिट अजून आलं नाही. त्याच्याशिवाय देशाबाहेर पडलो तर सगळं कॅन्सल, परत आत येता येणार नाही. रोज वकिलाला फोन करतो. वाटलं होतं येईल, म्हणून तुला हो म्हणत राहिलो.

आई : माहीत होतं मला. बाथरूममध्ये जाऊन बोलतोस त्याच्याशी. भिंती पुठ्ठ्याच्या आहेत तुमच्या.

गुरुदत्त : मग सारखी विचारत का होतीस?

आई : तुझ्या तोंडून ऐकायचं होतं. खोटं बोलणं तुला जन्मात जमलं नाही, कान लाल होतात.

गुरुदत्त : परमिट आलं की त्याच दिवशी निघतो मी.

आई : निघशील रे, त्यात शंका नाही. पण ही गाठ थोडीच तुझ्या परमिटाची वाट बघत बसणार आहे?

गुरुदत्त : असं बोलू नकोस ना.

आई : कुणीतरी बोलायला हवं. मला भीती वाटते, गुरू. सुरीची नाही. आत नेताना मागे वळून बघेन, तर दारात तू नसशील, त्याची.

गुरुदत्त : आई, चुकलं माझं.

आई : चुकलं-बिकलं काही नाही. सांगितलंस, बरं झालं. आता घे ती सुरी.

गुरुदत्त : नको. आत्ताच नाही म्हणत होतीस.

आई : तेव्हा तू येणार होतास. आता ताटातूट काय नासपतीमुळे होणार आहे? ती उद्या सकाळी पावणेआठला ठरलीय.

गुरुदत्त : मी नाही कापणार. तूच खा अख्खी.

आई : काप रे बाळा. अख्खं फळ मला एकटीला जायचं नाही.