ओहोटीची गाठ

विनिता: मावशी, सुईदोरा नंतर काढा. आधी सांगा, अकरा दिवसांपूर्वी माझ्या नवऱ्याची वेळ बांधताना चुकलं काय?

कमळ: सांगते गो. गाठ मी ओहोटीत मारली.

विनिता: तुम्ही? वीस वर्षं दारावर मासळी आणताय, भरती-ओहोटी मिनिटावर सांगता!

कमळ: म्हणून तर जीव जळतोय. वेळ बांधायची ती पाणी थांबतं तेव्हा. भरती संपली नि ओहोटी लागायचीय, मधला चार-पाच मिनिटांचा मुक्काम. तिथीचं पाऊणपट केलं की भरतीचा तास येतो. त्या दिवशी माज्या डोक्यात त्रयोदशी होती. तेरा पाऊण पावणेदहा. तुज्या घरात शिरले, भिंतीवर बघितलं तर पौर्णिमा. मना वाटलं, बोट विकल्यापासून डोकं गंजलं, दोन दिवस चुकले. म्हणून सव्वाअकरा धरले.

विनिता: ते रोज पान फाडायचं कॅलेंडर आहे. पानं राजेश फाडतो.

कमळ: नि राजेश तेव्हा परवाच्या दिवसात! ज्या घरात वेळच सुटलीय, त्या घरच्या कॅलेंडरावर मी भरवसा ठेवला. सव्वाअकराला पाणी दीड तास उतरत होतं.

विनिता: म्हणजे न बांधलेलं परवडलं असतं. सकाळी परवाचा पेपर वाचायचा, दुपारी मागच्या दिवाळीत असायचा, पण रात्री जेवायला समोर बसायचा ना! पंचेचाळीस वर्षांचा, ढेरी सुटलेला, माझा नवरा. आता ओहोटी दोन वर्षं नेते आणि भरती एकच परत आणते. दिवसातून दोनदा. अकरा दिवसांत बावीस वर्षं गेली, मावशी. पोरबाळ नाही आम्हाला. हाच आहे एक.

कमळ: शिव्या घाल. खाईन मी. पण खरं सांगते, खाडी बुजवून ही इमारत उभी केली, इथं वेळ टिकायचीच नाय. आमची म्हातारी माणसं सांगायची, कोणी ऐकलं?

राजेश: (आतल्या खोलीतून) अहो, कोणी आहे का? इथे जवळ पीसीओ आहे का हो? शेजारी शिवदासकाकांकडे फोन केला की ते आईला हाक मारतात.

विनिता: लाइन बंद आहे सगळीकडे. तू पडून राहा. रस्त्यात चक्कर आली होती तुला.

राजेश: हो, पण आई घाबरेल हो.

विनिता: करते काहीतरी... मावशी, ऐकलंत? आईंना जाऊन बारा वर्षं झाली.

कमळ: तुला ओळखतो?

विनिता: काल लग्नाआधीचा झाला होता. इतका लाजून बोलत होता माझ्याशी, मला हसायलाच आलं वेड्यासारखं. वाटलं, हेही चालेल, पुन्हा लग्न करू. आज सकाळी विचारलं त्याने, तुम्ही कोण?

कमळ: ऐक आता. जुनी गाठ कापायची नि नवी मारायची. हे एकदाच होतं, तिसरी गाठ बसत नाय. पाणी थांबेल तेव्हा तो जिथं असेल तिथून पुढं आपल्यासारखाच जगेल. उद्याचा दिवस उद्याच येईल त्याला.

विनिता: आणि पाणी कधी थांबेल?

कमळ: आज नवमी. नऊ पाऊण पावणेसात. पण आज मी हिशोबावर नाय, खिडकीतून पाण्यावरच नजर ठेवते. अजून चढतंय बघ.

विनिता: आम्ही मे दोन हजार तीनमध्ये भेटलो. कुर्ल्याला, कॉम्प्युटर क्लासमध्ये. मे महिन्यापर्यंत आला तरी पुरे मला. लग्न, संसार, काही आठवू नये त्याला, नुसतं माझं नाव ठाऊक असू दे... राजेश, आज तारीख काय रे?

राजेश: चार जानेवारी ना? दोन हजार तीन. का हो?

विनिता: काही नाही. मावशी, जानेवारी! येतोय तो!

कमळ: खाटेच्या पायाला दोरा बांधलाय मी. हे टोक घे, खिडकीच्या गजातून ओवलंय. मी सांगेन तेव्हा ओढ. ज्याला त्याच्यासंगं राहायचंय, त्यानंच ओढायचं असतं.

विनिता: घेतलं, मनगटाला गुंडाळून.

कमळ: हां. सोडू नको फक्त.

विनिता: राजेश, आणि आता? आता तारीख काय?

राजेश: अहो, मघाशी सांगितली ना? बावीस फेब्रुवारी.

कमळ: थांबलं.

विनिता: काय थांबलं?

कमळ: पाणी. ओढ.

विनिता: नाही, नाही, फेब्रुवारी आहे अजून! तीनच महिने मावशी, थोडं चढू दे ना!

कमळ: माज्या हातात हाय काय ते? जुनी गाठ कापली मी. ओढ गो!

विनिता: अमावास्येपर्यंत थांबू. उधाण मोठं असतं, तुम्हीच म्हणता. ते आणेल त्याला पुढे.

कमळ: अमावास्या सहा दिवसांवर. बारा ओहोट्या. तोवर तो अकरा वर्षांचा होईल, नि उधाणाची ओहोटीपण तेवढीच मोठी. एका दमात पाळण्यात नेईल, मग तिथूनही नेईल. मी हात जोडते तुला, पाणी हललं की संपलं.

विनिता: त्याला विचारायला नको? त्याचं आयुष्य आहे.

कमळ: विचार. काय विचारशील?

विनिता: राजेश, तुला...

कमळ: विनिता!

विनिता: ओढलं.

कमळ: अजून. कचकचून. हां. बसली गाठ.

विनिता: बसली? नक्की?

कमळ: बसली. ते बघ, पाणी उतरायला लागलं, नि दोरा जागचा हलत नाय. पोरगा वाचला तुजा.

विनिता: पोरगा. हो.

कमळ: मी थांबू?

विनिता: नको मावशी. तुम्ही जा. राग नाही माझा. म्हणजे आहे, पण तुमच्यावर काढून काय करू?

राजेश: बाहेर येऊ का? बरं वाटतंय मला आता, एकदम हलकं.

विनिता: ये ना. सावकाश.

राजेश: काकू, तुम्ही दिवसभर माझं इतकं केलंत. तुमचे मिस्टर कधी येतात घरी? त्यांना भेटून, आभार मानून निघतो.

विनिता: त्यांना उशीर होईल. तू जेवून घे.