लिफ्ट आणि जिनिव्हा

"एकाच्या गुन्ह्याची शिक्षा सगळ्यांना देऊ नये, हे जगातल्या सर्व राष्ट्रांनी जिनिव्हा करारात मान्य केलंय, काका."

"आपल्या सोसायटीनं नाही केलं."

कर्वेनगरच्या बसथांब्यावर माझ्यापुढे कायद्याची विद्यार्थिनी आणि तिच्या सोसायटीचे चेअरमन उभे होते.

"लिफ्टमध्ये कुणीतरी एकजण थुंकला आणि चारही मजल्यांना जिना?"

"नाव कळलं की लगेच सुरू करतो."

"आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय. आठ दिवस ती खाली उतरलेली नाही."

"मग त्या संशयितांत नाहीत. तसं लेखी देतो."

"काका, करार."

"अगं, तो युद्धात लागू होतो. आपल्याकडे शांतता आहे."

"म्हणजे युद्ध असतं, तर लिफ्ट चालू असती."

"असती."

"तुम्ही स्वतः किती जिने चढता?"

"मी तळमजल्यावर राहतो."