शपथविधीच्या रांगेतली टोपी

नव्या राष्ट्राध्यक्षांचा शपथविधी बघायला आम्ही पहाटेपासून वॉशिंग्टनच्या थंडीत रांगेत कुडकुडत होतो. माझ्या पुढे एक म्हातारं जोडपं होतं.

"डेल्बर्ट, टोपी घाल."

"केस चपटे होतात, वर्ना. टीव्हीवर दिसलो तर? हां, तर जॉर्ज वॉशिंग्टनने दुसऱ्या शपथविधीचं भाषण दोन मिनिटांत उरकलं. आणि नववा अध्यक्ष हॅरिसन! अंगात कोट नाही, डोक्यावर टोपी नाही, अशाच थंडीत जवळजवळ दोन तास बोलला पठ्ठ्या!"

"मग?"

"मग काय, महिन्याभरात गेला."

"बघ! घाल टोपी."

"अगं, तो भाषण करत होता. मी कुठे भाषण करतोय?"

वर्ना मागे वळली. "काय हो, हा कधीपासून बोलतोय?"

"पहाटेपासून!" अख्खी रांग ओरडली.

"बरं, दे टोपी. अजून लिंकन बाकी आहे."